ग्राहक आयोग : रचना, अधिकार आणि आपण

'शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये' अशी म्हण आपल्याकडे आहे. वकिलाची फी, तारखांवर तारखा आणि बुडणारा रोज, यांना भिऊन सामान्य माणूस नुकसान गिळतो व गप्प बसतो. परंतु ही म्हण ज्या पायरीला लागू पडत नाही, अशी एक पायरी कायद्याने आपल्यासाठी बांधून ठेवली आहे. ती म्हणजे ग्राहक आयोग. प्रस्तुत लेखात तिची ओळख करून देण्याचा आमचा प्रयत्न आहे.

आमच्या वस्तीतील एका मावशींनी सतरा हजारांचा फ्रिज घेतला. तीन महिन्यांत तो बंद पडला. "मावशी, पुढच्या आठवड्यात या," असे म्हणत दुकानदाराने त्यांना झुलवत ठेवले. कागद आमच्यापुढे आले तेव्हा दोन वर्षे उलटून गेली होती, आणि बिल म्हणून होती एक साधी चिठ्ठी! मावशींची बाजू खरी होती, पण मुदत आणि पुरावा दोन्ही हातचे गेले होते.

रचना

ग्राहक संरक्षण कायदा प्रथम १९८६ साली झाला. त्याची जागा २०१९ च्या कायद्याने घेतली व तो जुलै २०२० पासून अमलात आला. पूर्वीच्या 'जिल्हा मंचा'ला आता जिल्हा आयोग म्हणतात. त्यावर राज्य आयोग व सर्वांत वर राष्ट्रीय आयोग अशी तीन पायऱ्यांची ही व्यवस्था आहे. जिल्हा आयोगात अध्यक्ष व किमान दोन सदस्य, तर वरील दोन्ही आयोगांत अध्यक्ष व किमान चार सदस्य असतात. जिल्हा आयोगाचा अध्यक्ष जिल्हा न्यायाधीश असलेला, राहिलेला किंवा त्या पदास पात्र असावा लागतो. राज्य आयोगाचा अध्यक्ष उच्च न्यायालयाचा आजी वा माजी न्यायाधीश असतो. २०२० च्या नियमांनुसार जिल्हा व राज्य आयोगांत किमान एक महिला असलीच पाहिजे. सदस्य केवळ कायद्याच्याच नव्हे, तर अर्थशास्त्र, वाणिज्य, प्रशासन, वैद्यक अशा क्षेत्रांतूनही घेता येतात. विद्यार्थी मित्रांनी हे ध्यानात ठेवावे. उद्या त्या खुर्चीवर आपल्यातीलही कोणी बसू शकेल.

अधिकार

डिसेंबर २०२१ च्या नियमांप्रमाणे ५० लाख रुपयांपर्यंत जिल्हा आयोग, त्यापुढे २ कोटींपर्यंत राज्य आयोग आणि त्याहून अधिक रकमेसाठी राष्ट्रीय आयोग. येथे मोजायची ती आपण प्रत्यक्ष दिलेली किंमत, मागितलेली भरपाई नव्हे. ही किंमत ५ लाखांपर्यंत असेल तर तक्रारीस फी नाही. वकील देण्याची सक्ती नाही. विशेष म्हणजे दुकान वा कंपनी कोठेही असो, आपण जेथे राहतो किंवा नोकरी-धंदा करतो तेथील आयोगाकडे जाता येते.

साक्षीदार बोलावणे, शपथेवर जबाब घेणे, कागदपत्रे मागवणे या बाबतींत आयोगाला दिवाणी न्यायालयाचे अधिकार आहेत. दोष दूर करणे, वस्तू बदलून देणे, पैसे परत करणे, भरपाई व खर्च देणे असे आदेश तो देऊ शकतो. आदेश न पाळणाऱ्यास एक महिना ते तीन वर्षे कैद, किंवा २५ हजार ते १ लाख रुपये दंड, किंवा दोन्ही होऊ शकतात. जिल्हा आयोगाच्या निकालावर राज्य आयोगाकडे ४५ दिवसांत अपील करता येते; पैसे देण्याचा आदेश झालेल्या पक्षाला मात्र त्याआधी निम्मी रक्कम भरावी लागते.

गृहनिर्माणाची सरकारी प्राधिकरणे १९९३ च्या, तर मोबदला घेणारी वैद्यकीय सेवा १९९५ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने या कक्षेत आली. वकिलांची सेवा मात्र २०२४ च्या निकालानुसार कक्षेबाहेर आहे. पूर्णपणे मोफत सेवा व नफ्याच्या व्यापारासाठी केलेली खरेदी यांनाही हे दार बंद आहे. बँका व विमा कंपन्या कायद्यातून सुटलेल्या नाहीत. आम्ही स्वतः बँकेत कारकून आहोत, म्हणून हे आवर्जून सांगतो.

आपण काय करावे?

पक्के बिल मागावे, ते जपावे. तोंडी विनवण्यांवर वेळ न दवडता लेखी तक्रार करावी व तिची पोच ठेवावी. १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाईनवर सल्ला मिळतो. २०२५ पासून 'ई-जागृती' संकेतस्थळावरूनही तक्रार दाखल करता येते. तक्रारीचे कारण घडल्यापासून दोन वर्षांची मुदत असते. उशिराची माफी मागता येते, परंतु कारण आयोगाला पटावे लागते. सामान्यतः तीन महिन्यांत, व वस्तूची तपासणी करावी लागल्यास पाच महिन्यांत निकाल द्यावा असे कायदा सांगतो. प्रत्यक्षात पुष्कळदा जास्त वेळ लागतो, हेही खरे. म्हणून धीर हवा.

तथागतांच्या धम्मात खोटे तराजू व खोटी मापे निषिद्ध आहेत. दीघनिकायातील ब्रह्मजालसुत्तात तसा उल्लेख आहे. फसवणूक न करणे हे शील आहे. त्याचबरोबर होत असलेली फसवणूक मुकाट्याने न सोसणे ही बाबासाहेबांची शिकवण आहे. आपल्या विहारात महिन्यातून एक रविवार दोन शिकलेल्या तरुणांनी बसून शेजाऱ्यांचे कागद वाचले, तर दुसऱ्या मावशींवर ती वेळ येणार नाही. या कामी आम्ही पहिला रविवार देण्यास तयार आहोत.

जय भीम!