कोड वाचला का जात नाही?

जबलपूरहून नागपूरकडे जाणारा रस्ता जेथे नर्मदा ओलांडतो, तेथे तिलवारा घाट आहे. १९३९ साली काँग्रेसचे त्रिपुरी अधिवेशन याच परिसरात भरले होते आणि १९४८ साली गांधीजींच्या अस्थींचा काही भाग येथे नर्मदेत विसर्जित करण्यात आला. मकरसंक्रांतीस या घाटावर स्नानासाठी मोठी गर्दी लोटते. अशा घाटावर नारळ, फुले आणि द्रोणातले दिवे विकणाऱ्यांच्या टोपलीशेजारी आता काळ्यापांढऱ्या चौकोनांचे एक चित्र ठेवलेले असते. व्यवहार दहा-वीस रुपयांचा असतो. ग्राहकाजवळ सुटे पैसे नसतात, आणि फोन पुन्हा पुन्हा समोर धरूनही कोड वाचला जात नाही. ग्राहक संकोचून पुढे जातो व विक्री बुडते.

विक्रेते त्या पुठ्ठ्यालाच ‘स्कॅनर’ म्हणतात. वास्तविक पाहता वाचण्याचे काम ग्राहकाच्या हातातील फोन करतो. पुठ्ठा केवळ वाचला जातो. शब्दांची ही अदलाबदल तशी निरुपद्रवी आहे, परंतु तिच्यामुळे दोष कोठे शोधावा याविषयी गोंधळ उडतो. ‘स्कॅनर बिघडला’ असे म्हणताच विक्रेता नव्या पुठ्ठ्याच्या मागे लागतो, आणि दोष बहुधा भिंगावरील तेलकट बोटाच्या ठशात असतो.

हा कोड मुळात पैशांच्या देवघेवीसाठी निर्माण झालेला नाही. जपानमधील डेन्सो या मोटारींचे सुटे भाग बनविणाऱ्या उद्योगसमूहात मासाहिरो हारा यांनी एका लहानशा चमूच्या साहाय्याने तो १९९४ साली तयार केला. साध्या उभ्या रेघांच्या बारकोडमध्ये फार थोडी अक्षरे मावत, त्यामुळे कामगारांना एकाच खोक्यावरील अनेक बारकोड एकामागून एक वाचावे लागत. नवा कोड आडव्या व उभ्या अशा दोन्ही दिशांनी माहिती साठवतो. तो वाचणाऱ्या यंत्रास प्रथम ‘कोड येथे आहे’ हे कळावे लागते, आणि त्यासाठी तीन कोपऱ्यांत तीन मोठे चौकोन योजलेले आहेत. त्यांपैकी कोणत्याही चौकोनाच्या मध्यातून रेषा काढली, तर काळ्या व पांढऱ्या पट्ट्यांच्या रुंदीचे प्रमाण १:१:३:१:१ असेच येते. छापील मजकुरात सर्वांत क्वचित आढळणारे प्रमाण कोणते, याचा शोध घेऊन ते निवडण्यात आले. म्हणूनच कोड तिरपा अथवा उलटा धरला तरी फोन त्यास ओळखतो. ग्राहक पुठ्ठा सरळ करण्याची जी धडपड करतो, ती बव्हंशी अनावश्यक असते.

दोष शोधण्याची पहिली कसोटी अगदी सोपी आहे. तोच कोड दुसऱ्या फोनने वाचून पाहावा. दुसऱ्या फोनने तो वाचला, तर दोष पहिल्या फोनमध्ये आहे. कोणत्याच फोनने वाचला नाही, तर तो कोडमध्ये किंवा त्यावर पडणाऱ्या प्रकाशात आहे. एवढे झाले की निम्मा शोध संपतो.

फोनच्या दोषांत भिंगाचा क्रम पहिला लागतो. घाटावर हात ओले असतात, कुंकवाचे व तेलाचे असतात. भिंगावर त्यांचा थर बसला म्हणजे प्रकाश विखुरतो, काळे घर करडे दिसते, पांढरेही करडे दिसते, आणि या दोहोंतील सीमा ठरविणे हेच तर वाचनाचे मुख्य काम आहे. कोरड्या सुती कापडाने भिंग पुसणे हा उपाय इतका साधा आहे की तो सर्वांत शेवटी आठवतो. नव्या फोनच्या भिंगावरील संरक्षक पारदर्शक पट्टी न काढल्यानेही हेच घडते.

दुसरी चूक अंतराची. कोड वाचला जात नाही असे दिसताच माणूस फोन अधिक जवळ नेतो. परंतु फार जवळच्या वस्तूवर भिंग स्थिरावू शकत नाही आणि चित्र धूसर होते. फोन मागे न्यावा, क्षणभर स्थिर धरावा व पडद्यावर कोडच्या जागी बोट टेकवावे. कोडच्या रुंदीच्या सुमारे दहापट अंतरापर्यंत तो वाचता यावा, असा एक ढोबळ हिशेब आहे. म्हणजे पाच सेंटीमीटरचा कोड अर्ध्या मीटरवरून वाचता यावा. कोड फारच लहान असेल तर जवळ न जाता दुरूनच पडद्यावरील प्रतिमा मोठी करावी. काही स्वस्त टॅब्लेटच्या कॅमेऱ्यास स्वतःहून अंतर जुळवून घेता येत नाही. तेथे टॅब्लेट सावकाश मागेपुढे करून स्पष्टतेची जागा हातानेच शोधावी लागते. कॅमेरा सुरू होऊन पडदा काळाच राहत असेल तर प्रश्न भिंगाचा नसून परवानगीचा असण्याचा संभव अधिक. पैसे देण्याच्या अ‍ॅपला कॅमेरा वापरण्याची मुभा दिलेली आहे किंवा नाही, हे फोनच्या सेटिंग्जमध्ये पाहावे.

आता पुठ्ठ्याकडे वळू. कोडवर पाण्याचा परिणाम होऊ नये म्हणून तो प्लॅस्टिकमध्ये मढवितात. दुपारच्या उन्हात त्याच प्लॅस्टिकवर लख्ख झळाळी उमटते व कोडचा एक भाग कॅमेऱ्यास दिसेनासा होतो. अशा वेळी पुठ्ठा किंचित तिरका करावा, अथवा स्वतःच्या शरीराची सावली त्यावर पाडावी. संध्याकाळच्या आरतीच्या वेळी प्रश्न उलटा होतो. तेव्हा फोनची विजेरी लावताना ती सरळ समोरून न धरता बाजूने धरणे इष्ट, कारण समोरून धरल्यास पुन्हा झळाळीच पदरी पडते. कोड दुसऱ्या फोनच्या पडद्यावर असेल तर त्या पडद्याची प्रखरता वाढवावी.

फाटलेल्या कोडविषयी मात्र एक सुखद आश्चर्य आहे. १९६० साली रीड व सॉलोमन या गणितज्ञांनी मांडलेल्या पद्धतीनुसार कोडमध्ये मूळ माहितीसमवेत काही जादा माहिती साठविलेली असते, आणि तिच्या आधारे गहाळ भाग पुन्हा भरून काढता येतो. या सोयीच्या चार पायऱ्या असून त्यांत सुमारे ७, १५, २५ आणि ३० टक्क्यांपर्यंतची हानी भरून निघते. मध्यभागी एखाद्या कंपनीचे बोधचिन्ह छापूनही कोड चालतो तो यामुळेच. परंतु ही क्षमा सर्व ठिकाणी सारखी नाही. कोपऱ्यातील मोठा चौकोन झिजला तर कोड आहे हेच फोनला कळत नाही. त्याचप्रमाणे कोडभोवती चार घरांच्या रुंदीएवढी मोकळी पांढरी जागा आवश्यक असते. ती कात्रीने कापून पुठ्ठा सुबक केल्यास, किंवा त्यावर रंगीत चिकटपट्टी लावल्यास, धडधाकट कोड निकामी होतो. गोल खांबावर चिकटविलेला कोडही घरे वक्र दिसू लागल्याने त्रास देतो.

कधी कोड वाचला जातो आणि तरीही पैसे जात नाहीत. हा निराळा दोष होय. या पुठ्ठ्यावरील कोडमध्ये पैसे घेणाऱ्याचा यूपीआय पत्ता व त्याचे नाव लिहिलेले असते. ते वाचण्यास केवळ प्रकाश लागतो, इंटरनेट लागत नाही. पुढील व्यवहारास मात्र ते लागते. पडद्यावर कोडची प्रतिमा ओळखली गेली आणि त्यानंतर चक्र फिरत राहिले, तर पुठ्ठा पुसण्यात अर्थ नाही. मेळ्याच्या गर्दीत मोबाइलचे जाळे ताणलेले असते. व्यवहार अनिर्णित दिसत असताना लगेच दुसऱ्यांदा पैसे पाठवू नयेत. आधी अ‍ॅपमधील व्यवहारांची यादी पाहावी.

सर्वांत घातक दोष तो, ज्यात सर्व काही सुरळीत चालल्यासारखे दिसते. २०२५ च्या जानेवारीत मध्य प्रदेशातीलच खजुराहो येथे काही दुकानांच्या कोडवर रात्रीतून दुसऱ्याच खात्याचे कोड चिकटविलेले आढळले. फोनने ते निमूटपणे वाचले, कारण फोन चित्र वाचतो, चित्राचा मालक ओळखत नाही. पडद्यावर येणारे नाव निराळे असल्याचे एका ग्राहकाच्या लक्षात आले, तेव्हा प्रकार उघड झाला. म्हणून रक्कम भरण्यापूर्वी पडद्यावरील नाव मोठ्याने वाचावे आणि विक्रेत्याने होकार द्यावा. दुकान उघडताना विक्रेत्याने पुठ्ठ्याच्या कडेवरून बोट फिरवून वर दुसरा कागद लागतो का ते पाहावे. तसेच पैसे घेण्यासाठी कोड वाचण्याची वा गुप्त पिन देण्याची गरज कधीच नसते. पिन पैसे देताना लागतो. ‘पैसे परत करतो, हा कोड वाचा’ असे कोणी सांगू लागल्यास फोन खिशात ठेवावा.