झाकणाआडचा कोळी

कोळी म्हटला, की जाळे आलेच, अशी आपली समजूत असते. परंतु जमिनीत बीळ खणून जन्म काढणारे कोळीही आहेत. पश्चिम ऑस्ट्रेलियाच्या गव्हाच्या पट्ट्यात त्यांची एक जात आढळते. तेथील ऋतुमान आपल्याहून निराळे. डिसेंबर ते फेब्रुवारी हा रखरखीत उन्हाळा. पाऊस पडतो तो मुख्यतः मे ते ऑगस्ट या थंडीच्या महिन्यांत.

अशा उन्हात कोळ्याच्या अंगातील ओलावा उडून जातो. बिळात मात्र हवा थंड व दमट राहते. मादी बिळाला आतून रेशमी धाग्यांचे अस्तर लावते आणि तोंडावर दारासारखे उघडमीट होणारे झाकण बसविते. भोवती काटक्या पसरून ठेवते. रात्री एखाद्या किड्याचा पाय काटकीला लागला, की तिला आत कळते, आणि क्षणात झडप! शिकारीसाठी तिला दूर भटकावे लागत नाही.

बाहेर पडण्याची वेळ पाऊस ठरवितो. उन्हाळा सरून पहिल्या सरी आल्या, की वयात आलेला नर मादीच्या शोधार्थ निघतो. पिल्लेही जमीन ओलावल्यावरच आईचे बीळ सोडून जवळपास आपले चिमुकले बीळ खणतात. वाळून कडक झालेल्या मातीत ती खणणार तरी कशी?

मादी आपले बीळ सहसा सोडीत नाही. वाढत्या वयाबरोबर तेच रुंद करिते. बार्बरा यॉर्क मेन या विदुषीने १९७४ मध्ये नॉर्थ बंगुल्ला येथील राखीव रानात बिळांजवळ क्रमांकाच्या खुंट्या रोवून निरीक्षण आरंभिले. सोळाव्या खुंटीजवळची मादी त्याच बिळात ४३ वर्षे जगली! कोळ्यांमध्ये इतके दीर्घ आयुष्य दुसऱ्या कोणाचे नोंदलेले नाही. मला तर तिच्या कौशल्यापेक्षा तिचा धीर अधिक नवलाचा वाटतो. २०१६ मध्ये झाकणाला भोक पडलेले दिसले. गांधीलमाशीने तिचा घात केला असावा.

त्या प्रदेशातील हिवाळी पाऊस १९७० नंतर घटत आला आहे. पक्षी असता, तर उडून ओलाव्याच्या जागी गेला असता. कोळ्याचे पिल्लू पायी चालणारे. आणि शेतीसाठी झाडी तुटल्यामुळे राखीव रानाच्या चहूकडे गव्हाची नांगरलेली शेते पसरली आहेत. ती ओलांडून पलीकडच्या रानात पोचणे त्याच्या आवाक्याबाहेरचे आहे.