ओसरत्या शहराची नवी घडी : लाइपझिगचा अनुभव

नोव्हेंबर १९८९ मध्ये पूर्व जर्मनीच्या दूरचित्रवाणीवर एक माहितीपट दाखविण्यात आला. ‘लाइपझिग अजून वाचविता येईल काय?’ असा प्रश्नच त्याचे शीर्षक होता. त्याआधी जेमतेम महिन्यापूर्वी, ९ ऑक्टोबर रोजी, याच शहरातील सुमारे सत्तर हजार नागरिक निःशस्त्रपणे रस्त्यावर उतरले होते. राजवटीच्या प्रश्नाचे उत्तर इतिहासाने वर्षभरात दिले. १९९० मध्ये दोन्ही जर्मनी एक झाले. मोडकळीस आलेल्या घरांचा आणि बंद पडत चाललेल्या कारखान्यांचा प्रश्न मात्र मागे राहिला, आणि त्याच्या उत्तरासाठी लाइपझिगला पुढे दोन दशके खर्ची घालावी लागली.

आपल्याकडे नगरनियोजन म्हणजे वाढीचे नियोजन, असेच आपण गृहीत धरतो. शहरात येणारे लोंढे, अपुरे पाणी, अपुरी घरे या चिंतांतच आपले नियोजनकार गुंतलेले असतात. त्यामुळे लोकसंख्या वर्षानुवर्षे घटत जाणारे शहर ही कल्पनाच आपणास चमत्कारिक वाटते. परंतु युरोप-अमेरिकेत कोळसा, पोलाद, कापड आणि यंत्रनिर्मिती यांवर उभी राहिलेली अनेक शहरे गेल्या अर्धशतकात या अवस्थेतून गेली आहेत. त्यांपैकी सावरलेली थोडी आणि न सावरलेली पुष्कळ. लाइपझिगची कहाणी पाहण्याजोगी आहे ती याच कारणासाठी.

ओहोटी

विसाव्या शतकाच्या चौथ्या दशकाच्या आरंभी लाइपझिगची लोकवस्ती सात लाखांवर होती. १९८९ मध्ये ती सुमारे पाच लाख तीस हजार उरली आणि १९९८ मध्ये चार लाख सदतीस हजारांच्या आसपास आली. याची कारणे एकात एक गुंतलेली होती. १ जुलै १९९० रोजी पश्चिम जर्मनीचे चलन पूर्वेत लागू झाले आणि तेथील कारखान्यांचा माल पूर्व युरोपातील जुन्या गिऱ्हाइकांना एका रात्रीत परवडेनासा झाला. सरकारी मालकीचे उद्योग विक्रीस निघाले. जे विकले गेले नाहीत ते बंद पडले. सात-आठ वर्षांत कारखान्यांतील दर दहा नोकऱ्यांपैकी आठांहून अधिक नाहीशा झाल्या. तरुण मंडळी पश्चिमेकडे गेली, जन्मदर घसरला, आणि ज्यांच्या हाती थोडा पैसा होता त्यांनी शहराबाहेर नवी घरे बांधली. सरकारने बांधकामास दिलेल्या करसवलतींमुळे याच काळात नवी घरे मात्र भराभर उभी राहत होती! परिणामी २००० च्या सुमारास शहरात जवळजवळ साठ हजार सदनिका रिकाम्या होत्या. दर पाच घरांत एक घर ओस, असे हे प्रमाण होते.

लोक कमी झाले म्हणजे शहराचा खर्चही कमी होईल, असे सामान्यतः वाटते. वस्तुस्थिती याच्या उलट आहे. माणसे निघून जातात. जलवाहिन्या, गटारे आणि रस्ते आहेत तेवढेच राहतात. शंभर घरांसाठी घातलेली जलवाहिनी साठ घरांनी वापरली तरी तिची देखभाल शंभर घरांचीच करावी लागते. इतकेच नव्हे, तर वापर कमी झाल्याने पाणी नळांत साचून राहते, गटारांतील मैला पुढे सरकत नाही आणि ती मुद्दाम पाणी सोडून धुवावी लागतात. पूर्व जर्मनीतील अनेक नगरपालिकांना हा अनुभव आला. कर भरणारे कमी, खर्च तेवढाच. म्हणून सेवा निकृष्ट, म्हणून आणखी लोक बाहेर, असे हे दुष्टचक्र फिरत राहते.

रिकाम्या घराचेही तसेच. राहत्या घरात पन्हळ तुटली तर कोणीतरी ती त्याच आठवड्यात बांधून घेतो. ओस घरात ते पाणी भिंतीत मुरते, हिवाळ्यात गोठते आणि लाकडी तुळयांना बुरशी धरते. दहा वर्षांत घर पाडण्याखेरीज उपाय उरत नाही. एक घर पडले की शेजारच्या घराची किंमत उतरते. लाइपझिगची बरीचशी जुनी वस्ती १८७० ते १९१४ या काळात बांधलेल्या चार-पाच मजली चाळवजा इमारतींची होती आणि तिच्यावर ही अवकळा सर्वांत अधिक आली.

राखणघरे

या टप्प्यावर लाइपझिगच्या नगररचनाकारांनी एक अवघड गोष्ट केली. जुनी लोकसंख्या परत येणार आहे, ही आशा त्यांनी आराखड्यातून काढून टाकली. शहर काही काळ ‘जाळीदार’ राहील, म्हणजे इमारतींच्या सलग रांगांत ठिकठिकाणी मोकळ्या जागा राहतील, हे मान्य करून त्यांनी नियोजन आरंभिले. २००२ मध्ये केंद्र सरकारने पूर्वेकडील राज्यांसाठी शहर-पुनर्रचनेचा कार्यक्रम सुरू केला. त्यात रिकाम्या सदनिका पाडण्यासाठी आणि जुन्या वस्त्या सुधारण्यासाठी अनुदान होते. लाइपझिगने दोन्हींचा उपयोग केला. १९७६ पासून बांधल्या गेलेल्या ग्र्यूनाउ या प्रचंड सरकारी वसाहतीतील काही इमारती पाडण्यात आल्या. पाडापाडीचा हा कार्यक्रम वादग्रस्त ठरला. त्यात काही चांगल्या जुन्या इमारतीही गेल्या, हे नमूद केले पाहिजे.

परंतु लाइपझिगचे खरे वैशिष्ट्य पाडण्यात नाही, राखण्यात आहे. येथे दोन साध्या उपायांचा उल्लेख करावयास हवा.

पहिला उपाय मोकळ्या भूखंडांसाठी होता. नगरपालिकेने मालकांशी करार केले. मालकाने आपला भूखंड काही वर्षे लोकांना बाग, क्रीडांगण वा वाट म्हणून वापरू द्यावा. त्याबदल्यात त्याला जमीनकरात सूट अथवा पडकी इमारत हटविण्यास साहाय्य मिळावे. त्याचा बांधकामाचा हक्क मात्र अबाधित राहावा. मालकाची जमीन गेली नाही, पालिकेला ती विकत घ्यावी लागली नाही आणि राडारोड्याच्या ढिगांच्या जागी मुले खेळू लागली.

दुसरा उपाय घरांसाठी होता, आणि तो नागरिकांनीच शोधून काढला. २००४ मध्ये स्थापन झालेल्या ‘हाउसहाल्टेन’ या संस्थेने ‘राखणघरां’ची कल्पना मांडली. हमरस्त्यावरील कोपऱ्याच्या इमारती रहदारीच्या गोंगाटामुळे सर्वांत आधी ओस पडत; आणि कोपरा ढासळला की सगळी आळी उघडी पडल्यासारखी दिसे. संस्थेने अशा इमारतींचे मालक गाठले. मालकाने छप्पर, पाणी आणि वीज एवढी किमान व्यवस्था करून द्यावयाची. चित्रकार, विद्यार्थी, छोटे कारागीर आणि स्वयंसेवी मंडळे यांनी तेथे सुमारे पाच वर्षे राहावयाचे वा काम करावयाचे. भाडे नाही, केवळ चालू खर्च आणि संस्थेची अल्पशी वर्गणी. घर वापरल्याने घर राखले जाते, हे यामागील तत्त्व. अशा घरावर मोठा पिवळा फलक झळके. या घरांची संख्या कधीच फार मोठी नव्हती. पण पिवळ्या फलकामुळे आळी मेलेली नाही, हे येणाऱ्या-जाणाऱ्यास दिसे. आणि पुढे ही पद्धत हाले, केम्निट्स वगैरे शहरांनीही उचलली.

दोन लक्ष चाळीस हजार चात्या

शहराच्या पश्चिमेस प्लागवित्स व लिंडेनाउ हे औद्योगिक विभाग आहेत. कार्ल हाइने या वकील-उद्योजकाने एकोणिसाव्या शतकात कालवा खणून येथे कारखान्यांची वसाहत उभारली. तेथेच १८८४ मध्ये एक सूतगिरणी स्थापन झाली. पंचवीस वर्षांच्या आत तिच्यात सुमारे दोन लक्ष चाळीस हजार चात्या फिरू लागल्या आणि युरोप खंडातील सर्वांत मोठी सूतगिरणी असा तिचा लौकिक झाला. कामगारांची घरे, बालवाडी, भाजीपाल्याचे वाफे हे सारे गिरणीच्या आवारालगतच होते. गिरणगावाशी ज्यांचा संबंध आला आहे त्यांना हे चित्र परके वाटू नये.

जर्मनीच्या एकीकरणानंतर तीन वर्षांत गिरणीतील कताई जवळजवळ थांबली. उंच खिडक्यांचा भरपूर उजेड, जाड भिंती आणि यंत्रांचा भार पेलणारे मजले एवढेच उरले. ते चित्रकारांना सोयीचे होते. निओ राउख हे पुढे जगप्रसिद्ध झालेले चित्रकार याच आवारात काम करीत. २००१ मध्ये एका छोट्या गटाने हे सर्व आवार विकत घेतले. त्यांनी साऱ्या इमारतींचा एकदम कायापालट करण्याचा घाट घातला नाही. जेवढे भाडे येईल तेवढी दुरुस्ती, असा सावकाश क्रम ठेवला. २००५ मध्ये शहरातील अनेक कलादालने तेथे आली. आज चित्रशाळा, छापखाने, कार्यशाळा असे शंभरावर व्यवसाय त्या छपरांखाली चालतात. गिरणीत पूर्वी हजारो स्त्रिया काम करीत, त्यांच्या नोकऱ्या यातून परत आल्या नाहीत. कलादालनाने गिरणी वाचते, गिरणी कामगार वाचत नाही. या विषयावरील कौतुकाच्या लेखांत हा भेद बहुधा गाळला जातो.

नोकऱ्या आल्या त्या अन्य मार्गांनी. २००२ मध्ये पोर्शे आणि २००५ मध्ये बीएमडब्ल्यू यांचे मोटार कारखाने सुरू झाले. २००८ मध्ये विमानतळावर डीएचएलचे मालवाहतूक केंद्र आले. दक्षिणेकडील लिग्नाइटच्या उघड्या खाणींत पाणी सोडून तलाव करण्यात आले, त्यांपैकी कोस्पुडेनचा तलाव २००० मध्ये लोकांना खुला झाला. १४०९ मध्ये स्थापन झालेले विद्यापीठ होतेच. आणि या सर्वांमागे पश्चिमेकडून येणारा सरकारी पैसा होता.

यंग्सटाउनचा धडा

तो पैसा नसता तर काय झाले असते, हे अमेरिकेतील ओहायो राज्यात दिसते. माहोनिंग नदीकाठचे यंग्सटाउन हे पोलादाचे शहर. १९ सप्टेंबर १९७७, सोमवार, या दिवशी तेथील एका मोठ्या पोलाद कंपनीने आपला प्रमुख कारखाना बंद करण्याचे जाहीर केले आणि सुमारे पाच हजार कामगार बेकार झाले. चर्चच्या धर्मगुरूंनी पुढाकार घेऊन, कारखाना कामगारांनी व नागरिकांनीच विकत घ्यावा अशी मोहीम काढली. लोकांनी आपल्या ठेवी त्यासाठी बाजूला ठेवल्या. १९७९ मध्ये केंद्र सरकारने कर्जाची हमी नाकारली आणि तो प्रयत्न संपला. दुसऱ्या एका कारखान्याच्या बाबतीत न्यायालयात असाही मुद्दा निघाला की, इतकी वर्षे ज्या वस्तीने कारखाना पोसला त्या वस्तीचा त्यावर काही मालकी हक्क आहे की नाही? कायद्यात असा हक्क नाही, असे उत्तर मिळाले.

१९३० मध्ये एक लाख सत्तर हजार वस्तीचे हे शहर २००० मध्ये ब्याऐंशी हजारांवर आले. २००५ मध्ये स्वीकारलेल्या ‘यंग्सटाउन २०१०’ या आराखड्यात नगरपालिकेने, आपण आता लहान शहर आहोत, असे स्पष्ट लिहिले. अमेरिकेत असे लिहिणे धाडसाचे होते आणि त्याची वाहवाही झाली. परंतु ओस रस्त्यांवरील उरल्यासुरल्या कुटुंबांनी मदत घेऊन इतरत्र राहावयास जावे, या योजनेला प्रतिसाद मिळाला नाही. ज्या म्हातारीने चाळीस वर्षे फेडून घर आपले केले, तिला ‘तुमचा रस्ता आराखड्यात नाही’ हे पटणार तरी कसे? २०२० च्या जनगणनेत शहराची वस्ती साठ हजारांच्या आसपास भरली.

दोन्ही शहरांनी वस्तुस्थिती मान्य केली होती. फरक जमाखर्चात आहे. अमेरिकेत सधन उपनगरे या स्वतंत्र नगरपालिका असतात. त्यांचा कर मूळ शहरास मिळत नाही. लाइपझिगने १९९९-२००० च्या सुमारास भोवतालच्या अनेक ग्रामपालिका आपल्या हद्दीत घेतल्या. बाहेर गेलेला करदाता त्यामुळे पुन्हा शहराच्या हिशेबात आला.

जमिनीचा भाव

मुंबईची गोष्ट वरवर अगदी निराळी आहे. मुंबई आकसलेली नाही. तरीही बृहन्मुंबई वाढत असताना मूळ बेटावरील मुंबई शहर जिल्ह्याची लोकसंख्या २००१ च्या ३३ लाख ३८ हजारांवरून २०११ मध्ये ३० लाख ८५ हजारांवर आली. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या संपात सुमारे अडीच लाख कामगार उतरले होते. त्यानंतर गिरण्या एकामागून एक बंद पडत गेल्या. १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीतील ५८ व्या नियमाने गिरण्यांच्या जमिनीचे तीन वाटे सांगितले : एक मोकळ्या जागेसाठी, एक सार्वजनिक घरबांधणीसाठी आणि एक मालकासाठी. २००१ च्या दुरुस्तीने ही वाटणी केवळ आवारातील मोकळ्या जमिनीपुरती राहिली आणि मार्च २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती दुरुस्ती ग्राह्य धरली. साहजिकच लोकांच्या वाट्याची जमीन पुष्कळ कमी झाली. गिरणी कामगारांसाठीच्या घरांची पहिली मोठी सोडत निघाली ती २०१२ मध्ये, म्हणजे संपानंतर तीस वर्षांनी. आणि अर्जदार होते दीड लाखाच्या घरात.

लाइपझिगच्या सूतगिरणीला वीस वर्षे सावकाश सुधारत राहण्याची सवड मिळाली, कारण तिच्या जमिनीला गिऱ्हाईकच नव्हते. परळ-लालबागच्या गिरण्यांना ती सवड मिळणे शक्य नव्हते. स्वस्त जमीन शहराला वेळ देते. महाग जमिनीच्या बाबतीत तो वेळ कायद्यानेच द्यावा लागतो.

आता लाइपझिगलाही याचा अनुभव येत आहे. २०१९ मध्ये तेथील वस्ती सहा लाखांवर गेली. राखणघरांसाठी ओस इमारती मिळेनाशा झाल्या, भाडी चढली, आणि एकेकाळी बाग म्हणून वापरलेल्या भूखंडांवर मालकांनी करारातील हक्कानुसार इमारती बांधल्या. ओहोटीच्या काळात मुले नाहीत म्हणून शाळा बंद केलेल्या या शहराला नव्या शाळांसाठी जागा शोधाव्या लागल्या. पालिकेच्या मालकीचे काही भूखंड आता सर्वांत मोठी बोली करणाऱ्यास न विकता, तेथे कोणासाठी आणि कशी घरे बांधली जाणार हे पाहून दीर्घ मुदतीच्या भाडेपट्ट्याने देण्यात येतात.