पत्ता आणि वस्तू

कोलकात्यातील एस्प्लनेड हा परिसर धर्मतला या नावानेही ओळखला जातो. येथील धर्मतला स्ट्रीटचे नाव पुढे लेनिन सरणी झाले आणि चौरंगी रोडचे जवाहरलाल नेहरू रोड. तरीही जुने नाव विचारले असता वाटसरू योग्य रस्ता दाखवतो. संगणकाला मात्र असे समजून घेता येत नाही.

संगणकावर चित्रफितीचे संपादन करणाऱ्यास याचा प्रत्यय येतो. महिनाभर खपून जोडलेला माहितीपट एके दिवशी उघडावा, तर दृश्यांच्या जागी 'मीडिया ऑफलाइन' अशी सूचना दिसते. सारे श्रम वाया गेले, असे वाटून संपादक हवालदिल होतो. वस्तुतः प्रोजेक्ट फाइलमध्ये मूळ चित्रण बहुधा साठवलेले नसतेच. कोणते दृश्य कोठे कापले, कोणत्या क्रमाने जोडले, याची नोंद आणि मूळ फाइलचा पत्ता तिच्यात असतो. मूळ फाइलचे नाव बदलले, तिचे फोल्डर हलवले किंवा बाहेरची हार्ड डिस्क जोडायची राहिली, की तो पत्ता निरुपयोगी ठरतो.

अशा वेळी प्रथम डिस्क जोडलेली आहे का, ते पाहावे. नंतर मूळ नावाने फाइल शोधावी. ती सापडली, की 'रीलिंक' किंवा 'लोकेट' या आज्ञेने सॉफ्टवेअरला नवा पत्ता द्यावा. केलेली जोडणी पूर्ववत दिसू लागते.

परंतु मूळ चित्रणच नष्ट झाले असेल तर? एस्प्लनेडला लागून असलेल्या मैदानात जमशेदजी फ्रामजी मदन यांनी १९०२ च्या सुमारास तंबूत चित्रपट दाखवण्यास आरंभ केला. त्यांच्या कंपनीचा 'बिल्वमंगल' हा मूकपट १९१९ साली कोलकात्यात प्रदर्शित झाला. पुढे इतिहासात त्याचे नाव राहिले. चित्रपट मात्र पाहावयास मिळेना. अखेर २०१६ साली त्याचा काही भाग फ्रान्समधील संग्रहातून पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आला. दूर देशी एक प्रत उरली होती, म्हणून तेवढे तरी हाती लागले.

म्हणून एका कामाचे सर्व साहित्य आरंभीच एका फोल्डरमध्ये ठेवावे. काम चालू असताना नावे बदलू नयेत. कॅमेऱ्याचे मेमरी कार्ड पुसण्यापूर्वी चित्रणाच्या दोन प्रती दोन ठिकाणी ठेवाव्यात. हरवलेला पत्ता पुन्हा लिहिता येतो. हरवलेले चित्रण पुन्हा घडवता येत नाही.

पाठगत प्रश्न
१. प्रोजेक्ट फाइलमध्ये कोणत्या गोष्टींची नोंद असते?
२. 'बिल्वमंगल'च्या उदाहरणातून कोणती दक्षता शिकावी?