शुश्रूषा करणारीलाही जपायला हवे

रुग्णालयात डॉक्टर रुग्णाजवळ दिवसातून एक-दोनदा येतात. परिचारिका मात्र चोवीस तास वॉर्डात असते. सलाईन, इंजेक्शने, ताप-नाडीची नोंद आणि नातेवाइकांच्या शंका, सारे तिच्याकडेच. मी बरीच वर्षे अधिपरिचारिका व पुढे परिसेविका म्हणून काम केले. त्या काळात सहकाऱ्यांमध्ये पाहिलेल्या एका दुखण्याविषयी आज सांगते.

त्याचे नाव 'बर्नआउट'. दिव्यातले तेल संपले की वातच जळू लागते, तसे हे. हर्बर्ट फ्रॉइडनबर्गर या मानसशास्त्रज्ञाने न्यूयॉर्कमधील मोफत दवाखान्यातील अनुभवावरून १९७४ साली त्यावर लेख लिहिला. २०१९ साली जागतिक आरोग्य संघटनेने त्याची व्याख्या केली. तिच्या मते हा स्वतंत्र आजार नसून कामाच्या ठिकाणच्या दीर्घ, न आवरलेल्या ताणाचा परिणाम आहे.

याची लक्षणे तीन. विश्रांती घेऊनही न जाणारा थकवा. कामाविषयी व रुग्णांविषयी तुटकपणा. आणि 'माझ्या हातून काही धड होत नाही' ही भावना. आजींना 'पाच नंबरची खाट' म्हटले जाऊ लागले की समजावे, काहीतरी बिघडले आहे.

माझ्या वॉर्डातील एक मनमिळाऊ परिचारिका अचानक सर्वांवर खेकसू लागली. तक्रारी आल्या. चौकशी केली तेव्हा कळले, की रात्रपाळीहून घरी गेल्यावर स्वयंपाक, मुलांची शाळा आणि सासऱ्यांचे पथ्यपाणी तिलाच करावे लागे. सलग दोन तासही झोप नव्हती. तिच्या पाळ्या बदलल्या, तिच्या यजमानांशी बोलले. दोन महिन्यांत ती पूर्ववत हसू-बोलू लागली.

मात्र सारा दोष घराचा नाही. भारतीय परिचर्या परिषदेच्या निकषानुसार साधारण वॉर्डात ५ रुग्णांमागे, तर शिक्षण देणाऱ्या रुग्णालयात ३ रुग्णांमागे १ परिचारिका हवी. प्रत्यक्षात एकटीने याच्या कितीतरी पट रुग्ण सांभाळल्याचे मी पाहिले आहे. रिकाम्या जागा भरणे आणि हक्काची रजा वेळेवर देणे, हे प्रशासनाचेच काम आहे.

परिचारिका भगिनींनी स्वतःपुरते एवढे करावे :

१) रात्रपाळीनंतर अंधाऱ्या, शांत खोलीत झोपावे. पाळीच्या शेवटच्या चार-पाच तासांत चहा-कॉफी टाळावी.

२) डबा वेळेवर खावा, पाणी प्यावे. लघवी तासन् तास रोखू नये. त्यातून मूत्रमार्गाचा जंतुसंसर्ग होऊ शकतो.

३) बसायला मिळेल तेव्हा पाय वर घ्यावेत.

४) वॉर्डात मृत्यू झाला, तर मनातले सहकाऱ्यांशी बोलावे. गिळून टाकू नये.

५) झोप उडाली, रडू आवरेना, जगणे नकोसे वाटू लागले, तर डॉक्टरांना गाठावे. शासनाच्या 'टेलि-मानस' सेवेचा १४४१६ हा क्रमांक मोफत असून तो चोवीस तास चालतो.

वाचकांनाही विनंती. तुमची सून, लेक वा बहीण परिचारिका असेल, तर ती दिवसा झोपते म्हणून तिला आळशी म्हणू नका. दाराची कडी वाजू देऊ नका. आणि रुग्णालयात गेलात, तर तिने सलाईन बदलायला पाच मिनिटे उशीर केला म्हणून ओरडण्यापूर्वी वॉर्डातल्या खाटा मोजून पाहा. झोपेने पेंगुळलेल्या हातांकडून औषध देण्यात चूक होऊ शकते. तिची झोप पुरी होण्यात तुमच्या रुग्णाचेही हित आहे.