आठ हजार कशाचे?

आईबाबांनो, आज थोडं माझ्या घरातलंच सांगते.

दिवाळीच्या सुट्टीतली गोष्ट. रात्री नऊच्या सुमारास मी मेथी निवडत बसले होते. आतल्या खोलीतून आमच्या अकरावीतल्या चिरंजिवांचा आवाज आला, "अरे, आठ हजार लागतात. माझ्याकडे पाच आहेत. तीन कुठून आणू?"

माझ्या हातातली काडी हातातच राहिली. पाच हजार? याच्याकडे आले कुठून? आणि उरलेले तीन हा कोणाकडे मागणार? मी ताडकन उठले, दार ढकललं आणि तोंडाला येईल ते बोलले. त्याने कानावरचा हेडफोन खाली घेतला, मी दम घ्यायला थांबले तेव्हा म्हणाला, "आई, रुपये नाहीत गं ते."

खरंच नव्हते. तो खेळतो त्या व्हॅलोरंट नावाच्या गेममधली ती नाणी होती. त्यांना 'किंगडम क्रेडिट्स' म्हणतात आणि ती खेळूनच मिळतात. आठ हजार जमली की एक नवं पात्र, म्हणजे त्यांच्या भाषेत एजंट, 'अनलॉक' होतं. मी ओशाळले. पण तशीच परत फिरले असते तर आमच्यातलं एक दार कायमचं लागलं असतं, असं आज वाटतं. मी खुर्ची ओढली आणि म्हटलं, "दाखव बरं मला." त्या रात्री आणि नंतर जे कळत गेलं, ते तुमच्यापुढे ठेवते.

हा पाच विरुद्ध पाच असा सांघिक खेळ. एका बाजूने बॉम्ब लावायचा, दुसरीने तो रोखायचा. जो संघ तेरा फेऱ्या आधी जिंकेल त्याचा सामना. बंदुका सगळ्यांना सारख्याच मिळतात, पण प्रत्येक एजंटचं अंगचं कसब वेगळं. सेज जखमी सोबत्याला बरं करते. सोव्हाचा बाण शत्रू कुठे लपलाय ते दाखवतो. २ जून २०२० रोजी गेम आला तेव्हा ब्रिमस्टोन, जेट, फीनिक्स, सेज आणि सोव्हा हे पाच एजंट सगळ्यांना खुले होते. बाकीचे कुलूपबंद. पुढे नवे येत गेले, त्यांनाही कुलूप. त्यांत २०२२ साली आलेला हार्बर, म्हणजे वरुण बत्रा, हा भारतीय आहे, हे चिरंजिवांनी मला दोनदा सांगितलं. 'लोटस' नावाचा एक नकाशा तर आपल्या पश्चिम घाटात कल्पिलेला आहे. गरगर फिरणारी दगडी दारं, वेलींनी वेढलेल्या भिंती. मी जरा पुढे सरकून पाहिलं, हे कबूल करते.

"मग तुला हवाय तो हार्बर का?"

"नाही, ओमेन. आमच्यात सगळ्यांना पुढे घुसायचं असतं. धूर कोणीच टाकत नाही."

मी शाळेत कबड्डी खेळायचे, त्यामुळे हे मला लगेच कळलं. चढाईला जायला सगळे तयार, कोपरा सांभाळायला कोणी नाही. शत्रूची नजर अडवायला योग्य जागी धूर टाकणं हे त्या कोपऱ्यासारखंच, टाळ्या न मिळणारं काम. "पण तुझ्या त्या फुकटातल्या ब्रिमस्टोनकडे धूर आहे की," मी म्हटलं. त्यावर उत्तर तयार होतं. ब्रिमस्टोनचा धूर फार लांब पोहोचत नाही आणि एका फेरीत मोजकाच मिळतो. ओमेनचा लांब जातो आणि थोड्या वेळाने पुन्हा भरतो. ज्या मुलाला मी 'स्वतःपुरतं बघतोस' म्हणून रोज बोलत होते, तो संघात काय कमी आहे याचा विचार करत बसला होता.

म्हणून पहिलं सांगणं हे, की मूल 'अनलॉक करायचंय' म्हणालं तर 'कशाला?' असं खेकसून विचारू नका. तोच शब्द खुर्ची ओढून विचारा. उत्तर कधी संघाचं असेल, कधी 'सगळ्यांकडे आहे, माझ्याकडेच नाही' असं असेल. दोन्ही ऐकण्यासारखी आहेत, पण त्यांवरचे उपाय वेगळे आहेत.

आता कुलपाबद्दल. या कुलपाला दोन किल्ल्या असतात. एक वेळेची, दुसरी पैशाची. ओमेन आठ हजार क्रेडिट्स जमवून मिळतो, नाहीतर खरे रुपये देऊन घेतलेल्या एक हजार 'व्हॅलोरंट पॉइंट्स'मध्ये तत्काळ मिळतो. पहिली किल्ली जितकी जड, तितका हात दुसरीकडे वळतो. हे अपघाताने होत नाही. शिवाय क्रेडिट्सच्या गल्ल्यात दहा हजारांपेक्षा जास्त साठत नाहीत, म्हणजे जमवून ठेवायची सोय नाही, खर्चच करायचे.

कुलूप किती जड करायचं हे कंपनी ठरवते आणि ते बदलताही येतं. स्टार वॉर्स बॅटलफ्रंट २ हा गेम २०१७ च्या नोव्हेंबरात आला. गेम आधीच विकत घेतलेला, तरी ल्यूक स्कायवॉकर आणि डार्थ व्हेडर ही पात्रं मिळवायला साठ हजार क्रेडिट्स प्रत्येकी. एका नायकासाठी साधारण चाळीस तास लागतील, असा हिशेब खेळणाऱ्यांनी मांडला. इतका गदारोळ झाला की कंपनीने ते साठ हजार एकदम पंधरा हजारांवर आणले. ओव्हरवॉच २ मध्ये २०२२ साली किरिको ही नवी नायिका आली, तेव्हा पैसे भरणाऱ्यांना ती लगेच मिळे आणि फुकट खेळणाऱ्या नव्या मुलांना पंचावन्न पायऱ्या चढाव्या लागत. २०२४ च्या एप्रिलपासून नव्या नायकांवरची ही अट कंपनीनेच काढून टाकली. त्याच वर्षी डिसेंबरात आलेल्या मार्व्हल रायव्हल्समध्ये पहिल्या दिवसापासून सगळी पात्रं खुली. गेम तिथेही चालतोच. हे मी मुलाला सांगितलं तेव्हा तो थोडा वेळ गप्प होता. कुलपाशिवाय खेळ होतो, कुलूप विक्रीसाठी असतं, हे त्याने कधी त्या बाजूने पाहिलंच नव्हतं.

पैशाची खरी गळती मात्र एजंटमध्ये नाही, बंदुकीच्या रंगरूपात, म्हणजे 'स्किन'मध्ये आहे. त्याने नेम सुधारत नाही, नुसती शोभा. एक चांगली स्किन असते १,७७५ पॉइंट्सची. पॉइंट्स मिळतात ते मात्र ठरावीक गठ्ठ्यांत, जसं की १,००० किंवा २,०५०. मोठा गठ्ठा घ्या, स्किन घ्या, २७५ उरतात. त्यांत धड काही येत नाही आणि सोडवतही नाहीत. मग पुढचा गठ्ठा. किराणा दुकानदार सुट्ट्या पैशांऐवजी चॉकलेट हातावर ठेवतो, तसंच हे. फरक इतकाच, की हे चॉकलेट खायलाही मिळत नाही.

आमच्या नात्यातल्या एका घरी आजोबांच्या फोनवरून असे गठ्ठे घेतले गेले. ओटीपी आजोबाच वाचून दाखवायचे, नातवाचा 'अभ्यासाचा क्लास' म्हणून. महिन्याने बँकेचा संदेश पाहिला तेव्हा सगळं उघडं पडलं. मुलगा वाईट नव्हता. पॉइंट्सचे रुपये किती होतात हे त्याने कधी मोजलंच नव्हतं आणि घरात त्याला कोणी विचारलं नव्हतं. म्हणून फोनवर पैशांची परवानगी आपल्या हाती ठेवा, आणि खरेदीआधी मुलालाच कागदावर रुपयांत हिशेब लिहायला लावा. लिहिता लिहिता निम्म्या खरेद्या आपोआप गळतात, हा माझा अनुभव.

एक धोका वेगळा सांगते. 'सगळी पात्रं उघडलेलं अकाउंट स्वस्तात देतो' किंवा 'फुकट पॉइंट्स मिळवा' म्हणणारे खूप भेटतात. त्या वाटेने पासवर्ड जातो, जमवलेलं सगळं जातं. अकाउंटची खरेदी-विक्री गेमच्या नियमांतही बसत नाही. कुलूप जड म्हणून चोराकडून किल्ली घ्यायची नाही, इतकं मुलाला नक्की कळतं.

आता वेळेची किल्ली. पूर्वी मी 'ताट वाढलंय, आत्ताच्या आत्ता ऊठ' असा हुकूम सोडायचे. पण सामना मध्येच थांबवता येत नाही. उठला तर चौघे सोबती अडचणीत येतात आणि त्याला शिक्षा होते. पूर्ण सामन्याला अर्धा-पाऊण तास सहज लागतो. त्याच गेममध्ये 'स्विफ्टप्ले' नावाचा छोटा सामना आहे, पाच फेऱ्या आधी जिंकणाऱ्याचा. म्हणून आमच्याकडे आता मिनिटांऐवजी सामने मोजतात. जेवणाला अर्धा तास असेल तर स्विफ्टप्लेच. परीक्षेच्या आठवड्यात तेही नाही. भांडणं संपली असं म्हणत नाही, पण दाराशी उभं राहून ओरडणं थांबलं.

झोप, अभ्यास, मित्र, जेवण सगळं मागे पडून गेमच पुढे राहत असेल, नुकसान दिसूनही हात थांबत नसेल आणि हे महिनोन् महिने चालत असेल, तर मात्र हितगुजावर भागवू नका. जागतिक आरोग्य संघटनेने गेमिंग डिसऑर्डरला आपल्या आजारांच्या यादीत जागा दिली आहे. समुपदेशकाकडे जाण्यात कमीपणा नाही.

तीन आठवड्यांनी एका रविवारी चिरंजिवांनी मला हाक मारली. "आई, आठ हजार झाले!" मी कणकेच्या हातांनी जाऊन उभी राहिले. ओमेनचं कुलूप उघडलं, त्याने लगेच सामना लावला. पहिल्याच फेऱ्यांत धूर भलत्या जागी पडला, स्वतःच्याच संघाला पुढचं दिसेना. तेरा-चार असे दणकून हरले.

"काय रे," मी म्हटलं, "आठ हजारांचा धूर केलास की."

तो हसला. मग खुर्ची थोडी सरकवून मला जागा करून दिली.