भिंतीतला पिंपळ

कोल्हापूरहून सुमारे २० किलोमीटरवर पन्हाळगड आहे. १६६० साली सिद्दी जौहरने त्याला कित्येक महिने वेढा घातला, पण लढून गड मिळाला नाही. पुढे १८४४ साली इंग्रजांनी तोफा डागल्या, तेव्हा कुठे तट फुटला. असल्या जुन्या तटाला आज एक बी पुरे होते. तेही मोहरीहून बारीक!

ते कसे, पाहा. बुलबुल, साळुंकी वड-पिंपळाची फळे खातात. बी पोटात पचत नाही. पक्षी भिंतीवर बसला, शिटला, की बी दगडांच्या सांध्यात पडते. सांध्यातला चुना झिजलेला असतो, तिथे माती आणि ओल असते. आपल्याकडचा पाऊस तर ठाऊकच आहे. रोप धरते. मूळ आत शिरते, जाड होते आणि पाचरीसारखे दगड सारते. त्या फटीतून पाणी आत मुरते. मग भिंतीला पोट सुटते आणि एके दिवशी ती बसते.

आम्ही हेडमास्तर होतो त्या गावच्या शाळेची कुंपणभिंत अशीच गेली. दर साली गड्याला सांगून पिंपळ छाटून घ्यायचो. वरून छाटला की काम झाले, असे वाटे. चूक आमचीच. वर छाटले तरी खालचे मूळ पोसतच होते. एका आषाढात रात्री भिंत कोसळली. शाळा बंद होती म्हणून बरे!

पिंपळ उपटायला पुष्कळ जण कचरतात. गडीही म्हणाला, "गुरुजी, देवाचं झाड हाय, मी नाही हात लावणार." त्यावर सोपी तोड आहे. रोप वीतभर असतानाच मुळासकट अलगद काढा आणि ओढ्याकाठी लावा. झाडही जगते, भिंतही वाचते.

झाड मोठे झाले असेल तर मात्र ओढू नका. मुळासंगे दगड येतील. कंबोडियात ता प्रोह्म नावाचे जुने देऊळ आहे. तिथे मोठ्या झाडांच्या मुळांनी भिंती फोडल्या, आणि काही ठिकाणी त्याच मुळांनी दगड धरूनही ठेवले आहेत. तेव्हा जाणता गवंडी बोलवा. तो आधी भिंतीला टेकू देईल, मग मूळ थोडे थोडे कापून काढील आणि दरजा भरील. भिंत चुन्यातली असेल तर दरजाही चुन्यानेच भरून घ्या. सिमेंटने ओल आत कोंडते.

ही पाहणी पावसाळा सरल्यावर, दसऱ्याच्या सुमारास करावी. नवी रोपे तेव्हा दिसतात, आणि हाताने निघतात.